मालकीचा कागद आणि विजेचा मीटर

सातबाऱ्यावर ज्याचे नाव नाही, सिटी सर्व्हेच्या दप्तरात ज्याच्या घराचा मागमूस नाही आणि ज्याच्या पायाखालची जमीन सरकारची, रेल्वेची किंवा कुणा परागंदा खातेदाराची आहे, असा मनुष्य विजेचा अर्ज घेऊन कचेरीच्या खिडकीशी उभा राहिला की पहिली विचारणा होते ती जागेच्या कागदाची. कारकुनाला ही विचारणा इतकी स्वाभाविक वाटते आणि अर्जदाराला ती इतकी अपेक्षित असते, की तिला कायद्याचा आधार कितपत आहे, याची चौकशी करण्याचे दोघांच्याही मनात येत नाही.

वास्तविक वीज मागण्याचा अधिकार कायद्याने एकट्या मालकाच्या हाती कधीच दिलेला नव्हता. 1910 च्या भारतीय विद्युत अधिनियमाच्या परिशिष्टातही पुरवठ्याची मागणी मालकाप्रमाणे भोगवटादारालाही करता येत असे. आणि त्याची जागा घेणाऱ्या 2003 च्या विद्युत अधिनियमाने, कलम 43 मध्ये तीच व्यवस्था कायम ठेवून, जेथे नवी वाहिनी वा उपकेंद्र उभारावे लागते अशी स्थळे वगळता, अर्ज मिळाल्यापासून महिन्याच्या आत पुरवठा देणे हे वितरण कंपनीचे कर्तव्य ठरविले, व त्यात कसूर झाल्यास दिवसाला एक हजार रुपयांपर्यंत दंडाची तजवीज केली. कलकत्ता उच्च न्यायालयाने 2011 साली याहून पुढे जाऊन असे ठरविले, की ज्याचा कब्जा स्थिरावला आहे अशा मनुष्याला मालकाच्या संमतीवाचून वीज मागता येते आणि कायद्याच्या रीतीने त्याला बाहेर काढले जाईपर्यंत ती उपभोगता येते. सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये एका भाडेकरूच्या प्रकरणात वीज ही मूलभूत सोय असल्याचे सांगून, घरमालक ना-हरकत देत नाही एवढ्या सबबीवर ती नाकारता येणार नाही, पुरवठादाराने अर्जदाराचा भोगवटा तेवढा पाहावा, असा निर्वाळा दिला.

मग कागदाचा हट्ट का? त्याचे मूळ विजेत नसून जमिनीत आहे. मुंबईत 1976 च्या झोपडपट्टी गणनेनंतर झोपडीधारकांची ओळखपत्रे, म्हणजे फोटोपास आले, आणि तेव्हापासून अमुक तारखेपूर्वीचा रहिवासी तो पात्र व नंतरचा तो अपात्र, अशी संरक्षणाची सीमारेषा सरकार वेळोवेळी पुढे सरकवीत आले. पुनर्वसनाच्या वेळी पात्रतेच्या यादीत, म्हणजे परिशिष्ट दोनमध्ये, आपले नाव लागावे म्हणून माणसे जे पुरावे जन्मभर ट्रंकेत जपतात, त्यांत विजेचे जुने बिल अग्रभागी असते. त्याचे मोल त्यावर छापलेल्या रकमेहून कितीतरी अधिक. तेव्हा मीटर बसला की रहिवाशाला उद्या हटविणे कठीण होईल, ही जमीन राखणाऱ्या खात्यांची भीती अगदीच निराधार आहे, असे मी म्हणणार नाही.

परंतु या भीतीपोटी वीज नाकारल्याने ते घर अंधारात राहते, असे मात्र घडत नाही. तारेवर आकडा पडतो, किंवा गल्लीतल्या एखाद्या मीटरधारकाकडून वायर ओढली जाते, आणि मग दिव्याला इतके, पंख्याला इतके, असा पॉइंटमागे मासिक आकार कुणीतरी दादा वसूल करतो. गरिबांसाठी म्हणून ठरविलेला सर्वांत खालचा दर त्या गरिबाच्या दारापर्यंत पोहोचतच नाही. उघड्या जोडांतून ठिणगी उडाली की पत्र्याच्या, प्लायवूडच्या ओळीच्या ओळी पेटतात. शिवाय जो मनुष्य वीज रीतसर विकत घेण्यास आला होता, तोच कलम 135 खाली तीन वर्षांपर्यंत कैदेस पात्र असा चोर ठरतो, आणि त्या चोरीची तूट अखेर प्रामाणिक ग्राहकाच्या दरात मिळविली जाते. एका नकाराने इतक्यांचे नुकसान साधणारी ही कारभारनीती मला अनाकलनीय वाटते.

अहमदाबादने यातून वाट काढली होती. तेथील वीज कंपनीने 2001 च्या सुमारास, सेवा आणि साथ या संस्थांच्या साहाय्याने, वस्त्यांतील जोडणी जमिनीच्या मालकीपासून अलग केली. मीटर हा वापर मोजण्यासाठी आहे, हक्क बहाल करण्यासाठी नव्हे, हे दोन्ही पक्षांना मान्य झाले की भांडण बरेचसे मिटते, हे तेथे दिसून आले.

वनजमिनीचा मामला याहून विचित्र. 2006 च्या वन हक्क कायद्याच्या कलम 3 मध्ये, ग्रामसभेची शिफारस असल्यास, विजेच्या तारांसाठी एक हेक्टरहून कमी वनजमीन, हेक्टरी पंचाहत्तरांहून अधिक झाडे न तोडता, देण्याची स्पष्ट सोय आहे. आणि तरीही मुंबईच्या हद्दीतले, आरे व राष्ट्रीय उद्यानातले कित्येक आदिवासी पाडे, सभोवार झगमगणारे शहर पाहत, दीर्घकाळ विजेवाचून राहिले.

ज्या वाचकांच्या ओळखीत असे अर्जदार असतील, त्यांनी त्यांना एवढे अवश्य सांगावे: अर्ज तोंडी नाकारू देऊ नका, तो लेखी द्या, भोगवट्याचा जो पुरावा असेल तो जोडा आणि तारखेच्या शिक्क्यासह पोच घ्या, कारण कायद्याची मुदत त्या तारखेपासून मोजली जाते. मुदत टळल्यास कंपनीच्या ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंचाकडे, आणि तेथेही दाद न लागल्यास विद्युत लोकपालाकडे जाता येते.