कोणतं नागाव?



मी काही लेखिका नाही. चाळीस वर्षं नर्सची नोकरी केली, त्यामुळे माझं लिहिणं म्हणजे रुग्णांचे तक्ते आणि औषधांच्या नोंदी. पण एक गोष्ट मनात बरीच वर्षं घोळते आहे, ती आपल्या लोकांपुढे मांडावी म्हणून हा खटाटोप.

२०१८ साली माझ्या धाकट्या मुलीच्या मुलीचं बात मित्झ्वाचं वर्ष होतं. इथल्या शाळांत त्या वयाच्या मुलांना 'अवोदात शोराशिम' करायला देतात, म्हणजे आपल्या घराण्याची मुळं शोधून वही तयार करायची. पोरगी वही घेऊन माझ्याकडे आली. सासरचं काम पाच मिनिटांत झालं. आम्ही पेणकर, गाव पेण, गणपतीच्या मूर्तींसाठी सगळीकडे प्रसिद्ध. मग माहेरचं विचारायला लागली, तशी मी म्हटलं, "नागावकर."

ती म्हणाली, "सावता, मग पणजोबांच्या मत्सेवावर नवगाव का कोरलंय?"

मी गप्प झाले. बाबा १९८९ साली बीरशेबाला वारले. दगड घातला तेव्हा थोरल्या भावाने जन्मगाव म्हणून नवगाव लिहून दिलं आणि आम्ही कोणी काही बोललो नाही. दरवर्षी हश्काबाला तिथे जाऊन उभे राहतो, पण ती ओळ कोणी नीट वाचली नव्हती. हिब्रूत स्वर लिहीत नाहीत, नागाव आणि नवगाव यांत जेमतेम एका अक्षराचा फरक. बारा वर्षांच्या मुलीच्या मात्र तो डोळ्यांत भरला.

आता नवगाव म्हणजे काय हे आपल्या माणसाला सांगायला नको. अलिबागेच्या उत्तरेला समुद्राकाठी असलेलं गाव. आपल्या पूर्वजांचं गलबत तिथल्या किनाऱ्यापाशी फुटलं, सात पुरुष आणि सात बायका वाचल्या, बाकीच्यांना तिथेच पुरलं, ही कथा आपण आईच्या मांडीवर ऐकली. त्यामुळे मूळचं नवगावचं असणं हा आपल्याकडे एक मानच. नागाव त्याच अलिबाग तालुक्यात, पण अलिबागेच्या दक्षिणेला. नावं सारखी, गावं वेगळी. भावाने मुद्दाम खोटं लिहिलं असं मी म्हणणार नाही. त्याला वाटलं, नागाव म्हणजे बोलीभाषेतलं नवगावच.

नातीसाठी मी पुस्तकं काढली. आपल्या समाजाचा पहिला मोठा इतिहास हाईम सॅम्युएल किहीमकरांनी लिहिला. हस्तलिखित १८९७ साली तयार होतं, पण पुस्तक छापून निघालं १९३७ साली, तेही इथे तेल अवीवला. चाळीस वर्षं कागद पडून होते! किहीमकरांचं स्वतःचं आडनाव किहीम गावावरून आलेलं. इतिहास लिहिणारा आणि गाव, दोघांचं नाव एक. मुंबईत १८७५ साली निघालेल्या इस्रायली शाळेमागेही तेच होते. पुढे तिचं नाव सर एली कदूरी शाळा झालं. मी माझगावला त्याच शाळेत शिकले, तेव्हा किहीमकर हे नाव आमच्या कानावरून कितीदा तरी गेलं असेल. पण ते एका गावाचं नाव आहे आणि तिथे जाता येतं, हे डोक्यात आलं नव्हतं.

दुसरं पुस्तक बेंजामिन जे. इस्रायल यांचं, १९८४ सालचं. त्यात आपली आडनावं आणि त्यांची गावं यांवर एक प्रकरणच आहे. गंमत बघा, गावांचा हिशेब लावणाऱ्या या गृहस्थांच्या स्वतःच्या आडनावात गाव नाही. त्यांचं आडनाव इस्रायल. माणूस इस्रायल, समाज बेने इस्रायल, देश इस्रायल. अलिबागेत तर एका गल्लीचं नाव इस्रायल आळी आहे, आणि ती आळी १९४८ साली झालेल्या या देशाहून जुनी आहे. मी १९७१ साली इथे आले तेव्हा शेजारीण विचारायची, इस्रायलला येण्याआधी कुठे राहत होतात? माझी मावशी सरळ सांगायची, "इस्रायल आळीत." शेजारणीला वाटायचं, म्हातारीला प्रश्न कळला नाही.

एका नावाची माणसं, एका नावाची गावं. जुनी पुस्तकं वाचताना यात भल्याभल्यांची फसगत होते. माझ्या पुतण्याचंच बघा. त्याने कुठेतरी वाचलं की आपले लोक कुलाब्यात राहत, आणि तो समजला मुंबईच्या गेटवेजवळचा कुलाबा. अरे, अलिबागेचा समुद्रातला किल्ला कुलाबा, आणि त्यावरून आख्खा जिल्हा कुलाबा! १९८१ साली त्या जिल्ह्याचं नाव रायगड केलं. म्हणजे आता नवीन नकाशात कुलाबा जिल्हा मिळत नाही, आणि रायगड शोधायला गेलं तर शिवाजी महाराजांचा गड समोर येतो.

मुरूड म्हटलं की आपल्याला जंजिऱ्याचं मुरूड आठवतं. पण दापोलीजवळ दुसरं मुरूड आहे, महर्षी कर्व्यांचं. बोर्ल्या दोन. एक बोर्ली मांडला, मुरूड तालुक्यात. दुसरी बोर्ली पंचतन, श्रीवर्धन तालुक्यात. तिथली माणसं शहाणी, नुसतं बोर्ली म्हणत नाहीत, पुढचा शब्द जोडूनच सांगतात. पण आडनाव करताना तो जोडशब्द गळून पडतो.

दिवेकरांचं बघा. सॅम्युएल इझिकेल दिवेकर, म्हणजे आपले सामाजी हसाजी, यांनी १७९६ साली मुंबईत पहिलं सिनेगॉग बांधलं. दिवेकर हे आडनाव कोकणस्थ ब्राह्मणांतही आहे. म्हणजे कागदावर नुसतं दिवेकर दिसलं की तो आपला असेलच असं नाही. गावाचंही तसंच. श्रीवर्धनकडे दिवेआगर आहे आणि पुण्याहून सासवडला जाताना दिवे घाट चढलात की दिवे नावाचं गाव आहे. आपली वस्ती किनाऱ्याची, म्हणून घाटावरचं दिवे आधी बाजूला काढायचं. असं एकेक बाजूला सारत जावं लागतं. बरं, त्या सिनेगॉगला आपले लोक मशीद म्हणत. जुनी मशीद म्हणजे तेच. मशीद बंदर स्टेशनचं नाव त्यावरूनच पडलं असं आपल्यात सांगतात. परका माणूस ते नाव वाचून काय समजेल?

आणि खुद्द अलिबाग! १८८३ सालच्या सरकारी गॅझेटियरमध्ये लिहिलं आहे की अली नावाच्या एका श्रीमंत मुसलमानाने तिथे विहिरी खोदल्या, बागा लावल्या, म्हणून अलिबाग. आपल्यात सांगतात, तो अली नव्हे एली, आपल्याच समाजाचा, त्याच्या आंब्या-नारळांच्या बागा होत्या. दोन्ही समाज तिथे पिढ्यान् पिढ्या शेजारी राहिले आणि दोन्ही नावं कानाला सारखीच लागतात. नातीने विचारलं, खरं कुठलं? मी म्हटलं, वहीत दोन्ही लिही, आणि कोणी सांगितलं तेही लिही.

हे मी पुस्तकातून शिकले नाही, वॉर्डात शिकले. नोकरीला लागून तीनेक वर्षं झाली होती. रात्रपाळी होती. एकाच खोलीत दोन म्हातारे, दोघांचं नाव तेच, आडनाव तेच, योगायोगाने बापाचं नावही तेच. एकाला इन्सुलिन द्यायचं होतं. मी सिरिंज भरली, खाटेपाशी गेले, नावाने हाक मारली. म्हातारा "हो" म्हणाला. मी त्याचा दंडसुद्धा पुसला. मग कुठून बुद्धी झाली कोण जाणे, मनगटावरच्या पट्टीचा नंबर वाचला. शेवटचे आकडे वेगळे होते. हा दुसरा होता, त्याला मधुमेह नव्हताच. चूक माझी. इन्सुलिन गेलं असतं तर काय झालं असतं हे सांगायला नको. त्या रात्रीपासून मी कोणालाच नुसत्या नावावर औषध दिलं नाही. नाव विचारायचं, नंबर बघायचा, आणि एक गोष्ट अशी विचारायची जी दुसऱ्याला लागू होणार नाही.

पण बाबांच्या गावाच्या बाबतीत मी तसं केलं नव्हतं.

त्याच वर्षी हिवाळ्यात मी, लेक आणि नात भारतात गेलो. नवगावला गेलो. आपल्या पूर्वजांच्या कबरींपाशी उभं राहून तिघींनी शमा म्हटला. नातीने छोटा दगड ठेवला. मला रडू आलं, खोटं कशाला बोलू. दुसऱ्या दिवशी नागावलाही गेलो, नारळी-पोफळीच्या वाड्या, समुद्र, सगळं बघितलं. फोटो काढले. वाटलं, दोन्ही गावं झाली, काम झालं.

परतताना ठाण्याला माझ्या आतेबहिणीकडे मुक्काम होता. ती तेव्हा अठ्ठ्याऐंशी वर्षांची, पण डोकं लख्ख. मी मोठ्या हौशीने फोटो दाखवले. तिने चष्मा लावून बघितले आणि म्हणाली, "अगं, अलिबागेला कशाला गेलीस? मामा तर मोऱ्याहून बोटीत बसायचे."

"म्हणजे गं ताई?"

"म्हणजे काय म्हणजे? माझी आई सांगायची ना. शनवार सुटला की रात्री जेवून निघायचं, पहाटे मोऱ्याला, तिथून बोट भाऊच्या धक्क्याला."

मोरा! हा शब्द मी बाबांच्या तोंडून शंभर वेळा ऐकला होता. लहानपणी मला वाटायचं की ते मोर पक्ष्याचं काहीतरी सांगताहेत. वाचकांपैकी जे त्या बाजूचे आहेत त्यांना लगेच कळलं असेल. मोरा बंदर उरणला. अलिबागेकडचा माणूस मुंबईला जायला मोऱ्याला कशाला येईल? तो रेवसला किंवा मांडव्याला बोट धरेल. आणि उरण तालुक्यातही एक नागाव आहे, समुद्राकाठचंच. मध्ये धरमतरची खाडी. खाडीच्या अलीकडे करंजा, पलीकडे रेवस. खाडीच्या दोन्ही बाजूंना दोन नागावं, आणि आम्ही आयुष्यभर एकाच बाजूला बघत होतो.

दुसऱ्या दिवशी गाडी करून उरणच्या नागावला गेलो. घर सापडलं नाही, सापडण्याची आशाही नव्हती. जवळच ओएनजीसीचा मोठा कारखाना उभा आहे. बाबांच्या लहानपणी तो नव्हता. पण समुद्र तोच असणार. मग मोऱ्याच्या धक्क्यावर गेलो. लाँच सुटत होती. नात म्हणाली, "सावता, पणजोबा इथूनच गेले का?" मी म्हटलं, "हो, इथूनच." आयुष्यात पहिल्यांदा मला हे खात्रीने सांगता आलं.

इथे परत आल्यावर भावंडांची बैठक झाली. दगडावरची ओळ बदलायची का? थोरला भाऊ म्हणाला, राहू दे, बाबांना काय फरक पडतो. धाकटी बहीण म्हणाली, बदलाच. थोडी बोलाचाली झाली. शेवटी मोठा दगड तसाच ठेवला आणि पायाशी एक लहान पाटी बसवली: नागाव, उरण. खर्च भावानेच केला. पाटी बसली त्या दिवशी तो बराच वेळ वाकून तिच्याकडे बघत होता. आतेबहीण त्याच्या दुसऱ्या वर्षी गेली. आम्ही एक वर्ष उशीर केला असता तर मोऱ्याचं कोणी सांगितलं असतं?

म्हणून हे लिहिलं. पुस्तकं लिहिणाऱ्यांनी मोठं काम केलं, त्यांना माझा सलाम. पण पुस्तकात नाव मिळतं. त्या नावाची दोन-तीन गावं निघाली तर त्यांतलं आपलं कोणतं, हे घरातल्या म्हाताऱ्या माणसांनाच ठाऊक असतं. आणि ती म्हातारी माणसं आता आपणच आहोत. आपली मुलं 'कर' गाळून टाकतात, सोपं हिब्रू आडनाव घेतात. घेऊ देत बापडी, त्यांचं आयुष्य इथलं आहे. पण नाव टाकलं की गावाकडे जाणारा शेवटचा धागाही जातो.

तेव्हा वाचकहो, एवढं करा. येत्या शब्बाथला घरात जे कोणी सर्वांत वडील असेल त्यांच्याजवळ बसा. गावाचं नाव विचारू नका, ते तुम्हाला माहीत आहे. विचारा, बोट कुठून धरायचे? बाजार कुठल्या गावाला? किप्पूरला कुठल्या सिनेगॉगला चालत जायचे? शेजारचं गाव कोणतं? आणि कोणी सांगितलं, कधी सांगितलं, ते तारीख घालून लिहून ठेवा. जमल्यास आमच्या या अंकाकडेही पाठवा. एकेक गाव जमवू.

आणि कोणी वाचक उरणच्या नागावचे असतील तर जरूर कळवा. नातीच्या वहीत त्या पानावर मी अजून जागा ठेवली आहे.