पायीं पाहावयाचें सोलापूर

शहर पाहण्याच्या दोन तऱ्हा आहेत. एकींत प्रवासी वाहनांत बसून देऊळ, किल्ला आणि तळें एवढें पाहून संध्याकाळच्या गाडीनें परततो. दुसरींत तो एखाद्या जाणत्या वाटाड्याच्या मागें पेठांमधून पायीं हिंडतो, ओट्यावरच्या माणसाशीं दोन शब्द बोलतो आणि कोणत्या घरांत काय घडलें तें ऐकतो. पहिल्या तऱ्हेनें शहर दिसतें; दुसरीनें तें कळूं लागतें.

युरोपांतील मोठ्या शहरांत अशा पायीं फेऱ्यांना फार मागणी असते, आणि प्रवाशांचा ओढा विशेषतः ‘बोहेमियन’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या वस्त्यांकडे असतो. या शब्दाची कुळकथा मनोरंजक आहे. बोहेमिया हा मध्य युरोपांतील, सध्यांच्या चेक प्रजासत्ताकांतील एक प्रांत. पंधराव्या शतकांत भटक्या रोमा लोकांचे तांडे फ्रान्सांत आले, तेव्हां ते बोहेमियांतून आले अशा समजुतीनें फ्रेंच लोक त्यांना त्या प्रांताच्या नांवानें ओळखूं लागले. वस्तुतः या लोकांचें मूळ भारतांत आहे. त्यांच्या बोलींत दोहोंस ‘दुय’, पांचांस ‘पांज’ आणि दहांस ‘देश’ म्हणतात, एवढें ऐकलें तरी नातें पटतें. पुढें एकोणिसाव्या शतकांत पॅरिसमधील जे गरीब चित्रकार, कवि व गवई पोटमाळ्यांवर राहत आणि जनरीतीची फारशी पर्वा करीत नसत, त्यांनाही तेंच नांव चिकटलें. आंरी म्यूर्झे यानें त्यांच्या जीवनावर लिहिलेलें पुस्तक १८५१ मध्यें निघालें. त्यावरून पुच्चिनी या इटालियन संगीतकारानें रचलेली संगीतिका १८९६ मध्यें रंगभूमीवर आली आणि हा शब्द जगभर गेला.

मग सोलापूरसारख्या गिरण्यांच्या गांवांत असली वस्ती कोठून असणार, असें कोणीही विचारील. उपाहारगृहांत रात्र जागविणारे चित्रकार हीच जर तिची खूण मानली, तर ती येथें सांपडणार नाहीं. पण अनेक भाषांचे गरीब लोक दाटीनें एकत्र राहतात, हातांतील कलेवर पोट भरतात, गाणीं रचतात आणि प्रसंगीं सत्तेला आव्हान देतात, ही जर खूण धरली, तर सोलापूरच्या जुन्या पेठा तींत चांगल्या बसतात. फ्रान्समधील लियों शहराची क्र्वा-रूस ही टेकडी याच जातीची. ती मुळांत रेशीम विणणाऱ्यांची वस्ती. उंच माग मावावे म्हणून तेथील घरांचीं छतेंही उंच बांधलेलीं. मजुरीच्या दरांवरून १८३१ मध्यें तेथील विणकरांनीं मोठा उठाव केला. आज तेथें कलावंत राहतात, आणि वाटाडे प्रवाशांना त्या उंच खोल्या दाखवीत हिंडतात.

सोलापूरची फेरी सकाळीं, ऊन चढण्यापूर्वीं, भुईकोट किल्ल्यापासून सुरू करावी. किल्ला बहामनी काळचा. त्याच्या तटाला लागूनच तलाव आणि तलावांत सिद्धेश्वराचें देऊळ आहे. बाराव्या शतकांतील शिवयोगी सिद्धरामेश्वरांनीं या क्षेत्राच्या परिसरांत ६८ लिंगें स्थापिलीं अशी श्रद्धा आहे. संक्रांतीच्या यात्रेंत सात नंदीध्वज निघतात आणि आरंभीं या ६८ लिंगांना तैलाभिषेक घडतो. ताडमाड उंचीची ती काठी एकेक भक्त आळीपाळीनें कमरेशीं तोलून चालतो. पायीं फेरी ही कल्पना परदेशांतून आली असें मानणाऱ्यांनीं हा सोहळा अवश्य पाहावा. कोणत्या वळणावर थांबावयाचें, तेथें काय स्मरावयाचें, हें सर्व त्यांत शतकांपासून ठरलेलें आहे. नंदीध्वज धरणाऱ्यांच्या तोंडीं कानडी असते, पाहणाऱ्यांच्या तोंडीं मराठी, तेलुगु आणि दखनी उर्दूही. आणि कोणाचेंही अडत नाहीं.

किल्ल्यापासून जवळच चार हुतात्म्यांचें स्मारक आहे. येथें वाटाड्यानें आवाज किंचित् खालीं आणावा हें बरें. १९३० च्या मे महिन्यांत, महात्मा गांधींच्या अटकेनंतर, सोलापूरांत गोळीबार झाला, लोक खवळले आणि कांहीं दिवस ब्रिटिश अंमल या शहरांतून जणूं उठून गेला. त्यावर सरकारनें लष्करी कायदा पुकारला. पुढें १२ जानेवारी १९३१ रोजीं मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे आणि श्रीकिसन सारडा या चौघांना येरवड्याच्या तुरुंगांत फांशीं देण्यांत आलें. एक लिंगायत, एक मुसलमान, एक मराठा आणि एक मारवाडी. ही चार नांवें लागोपाठ उच्चारलीं म्हणजे या शहराची घडण निराळी सांगावी लागत नाहीं. फांशीं जाणाऱ्या क्रांतिकारकाचा आईशीं संवाद रचणारे, ‘भेटेन नऊ महिन्यांनीं’ या कवितेचे कर्ते कुंजविहारी हेही सोलापूरचेच.

येथून कसब्याकडे वळावें. जुने वाडे, अरुंद बोळ आणि दारापुढचे दगडी ओटे यांतून जातांना शाहीर रामजोश्यांचें नांव निघाल्यावांचून राहत नाहीं. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धांत सोलापूरांत जन्मलेला हा ब्राह्मणपुत्र. घरीं पुराण सांगण्याची वृत्ति. वडील भाऊ मुद्गल हे नांवाजलेले पुराणिक. पण धाकट्याचें मन डफ-तुणतुण्यांत रमलें. तमाशाच्या फडांत जाणारा मुलगा घराण्याला काळिमा आणतो म्हणून भावानें त्याला घराबाहेर काढलें, असें परंपरा सांगते. रामजोशी पंढरपुरास गेले, तेथें त्यांनीं संस्कृत काव्याचें अध्ययन केलें आणि विद्वान् होऊन परतले. पण डफ कांहीं सुटला नाहीं. त्यांनीं लावणींत पंडिताची भाषा आणली, कीर्तनांत मोरोपंतांच्या आर्या आणल्या, आणि पंडितांचें काव्य फडावर उभ्या असलेल्या सामान्य माणसाच्या कानांपर्यंत पोंचविलें. पॅरिसमध्यें ‘बोहेमियन’ हा शब्द कलावंतांना लागण्यापूर्वींच हा माणूस तें आयुष्य जगून गेला होता. ज्याला गांवानें वेशीबाहेरचा मानलें, त्याच्याच जीवनावर १९४७ मध्यें चित्रपट निघाला आणि तो मराठी घराघरांत पोंचला. वाटाड्यानें ही गोष्ट सांगतांना दोन्ही टोकें सांगावीं. नुसता गौरव सांगितला तर अर्धीच गोष्ट सांगितल्यासारखें होईल.

कसबा ओलांडून साखर पेठ, कन्ना चौक असें पुढें गेलें म्हणजे ज्याला सोलापूरकर ‘पूर्वभाग’ म्हणतात तो येतो. दुकानांवरील पाट्यांत तेलुगु लिपी दिसूं लागते. तेलंगणांतून आलेल्या पद्मशाली विणकरांची ही वस्ती. दुष्काळानें आणि पोटानें हे लोक इकडे लोटले. १८७७ मध्यें सोलापूरांत पहिली कापडगिरणी सुरू झाली आणि ‘जुनी गिरण’ या नांवानें ओळखली गेली, तेव्हांपासून हा ओघ वाढतच गेला. दरसाल नारळी पौर्णिमेस मार्कंडेय ऋषींचा रथ निघतो, त्या दिवशीं हा सारा भाग रस्त्यावर येतो.

येथें एखाद्या कारखान्यांत, मालकाची व कामगारांची परवानगी घेऊन, पांच मिनिटें उभें राहावें. खटखटाट एवढा, कीं शेजारच्याशीं ओरडून बोलावें लागतें. उभा ताणलेला तो ताणा. धोटा आडवा धांवून जो धागा टाकतो तो बाणा. चादरीवर मोर किंवा फुलें उमटतात तीं मागाच्या माथ्यावरील जेकॉर्डमुळें. लियोंच्या झोसेफ जाकार यानें एकोणिसाव्या शतकाच्या आरंभीं बसविलेली ही युक्ति. भोंकें पाडलेल्या पुठ्ठ्यांची एक माळ असते. प्रत्येक पुठ्ठा कोणता धागा वर उचलावयाचा आणि कोणता खालीं ठेवावयाचा हें ठरवितो, आणि एका पुठ्ठ्यानें एक ओळ विणली जाते. पुढें गणकयंत्रांना आज्ञा देण्याची जी रीत निघाली, तिच्या पूर्वजांत या पुठ्ठ्यांची गणना होते. क्र्वा-रूसच्या उंच छताखालचें यंत्र साखर पेठेच्या पत्र्याखालीं चालतांना पाहिलें म्हणजे जग किती लहान आहे तें ध्यानांत येतें. शेजारच्या घरांत बहुधा एखादी बाई मांडीवर सूप घेऊन बिड्या वळीत असते. पुष्कळ संसार या दोन धंद्यांच्या जोडावरच उभे आहेत.

सोलापुरी चादरीला भौगोलिक मानांकन मिळालें, तिचें नांव देशभर झालें, हें खरें. पण चादरीचे माग आतां पूर्वीपेक्षां पुष्कळ कमी झाले आहेत. कित्येक कारखाने टॉवेलांकडे वळले आणि जुन्या मोठ्या गिरण्या बंद पडल्या. तरीही या वस्तीची वाणी आटलेली नाहीं. याच विणकर समाजांतील कवि लक्ष्मीनारायण बोल्ली यांनीं मराठींत लेखन केलें, तेलुगु व मराठी यांच्यामध्यें अनुवादाचा पूल बांधला आणि आपल्या आत्मचरित्राला ‘एका साळियानें’ असें नांव दिलें. धोटा इकडून तिकडे जातो आणि दोन कांठ जोडतो; त्यांचें कार्यही त्याच जातीचें होतें.

फेरीचा शेवटचा टप्पा कोणत्याही जाहिरातींत सांपडावयाचा नाहीं. सोलापूरच्या एका भागाला अजूनही ‘सेटलमेंट’ म्हणतात. इंग्रज सरकारनें १८७१ मध्यें कायदा करून कित्येक भटक्या जमातींना जन्मतःच गुन्हेगार ठरविलें. पुढें अशा कुटुंबांना तारेच्या कुंपणांत वसविलें, त्यांची दररोज हजेरी घेतली, आणि येथील गिरण्यांना त्यांची मजुरी पुरविली. स्वातंत्र्य मिळालें, तरी हा कलंक कायद्यानें पुसला गेला तो ३१ ऑगस्ट १९५२ रोजीं. हिंडणाऱ्या रोमा लोकांचें नांव पॅरिसनें कलावंतांना भूषणासारखें दिलें. पण त्या लोकांना स्वतःला मात्र युरोपनें हांकलीतच ठेवलें. सोलापूरांतही हिंडणाऱ्यांना कुंपण मिळालें. ‘बोहेमियन’ या शब्दाच्या मागें उभीं असलेलीं खरीं माणसें पाहावयाचीं असतील, तर तीं येथें आहेत.

म्हणूनच अशा फेरीला कांहीं मर्यादा हव्यात. वस्ती हें कोणाचें तरी घर आहे, प्रदर्शन नव्हे. तेव्हां मंडळी थोडी असावी, विचारल्यावांचून छायाचित्र घेऊं नये, कामावरच्या माणसाचा वेळ फार मोडूं नये. वाटाड्या होतां होईल तों त्याच पेठेंतला असावा, आणि फेरीच्या मिळकतींतला वांटा त्या पेठेंत राहावा. चादर घ्यावयाचीच असेल, तर ती जेथें विणतांना पाहिली तेथूनच घ्यावी आणि किंमतींत घासाघीस करूं नये. ज्यानें पुठ्ठ्याची माळ फिरतांना पाहिली आहे, त्याला त्या किंमतीचा अर्थ आपोआपच कळलेला असतो.

ही फेरी फार तर तीन-चार तासांची. तेवढ्यांत दिसतें तें असें, कीं घराबाहेर काढलेला शाहीर, फांशीं दिलेले चौघे, दुष्काळानें आलेले साळी आणि कुंपणांत ठेवलेले भटके, यांच्याच हातून हें शहर घडलें. पहिल्या दोघांना शहरानें आपलें म्हटलें, पण त्यांच्या पाठीमागें. साळी व भटके मात्र आज हयात आहेत आणि त्याच पेठांतून राहत आहेत. त्यांच्या बाबतींत तितका उशीर करण्याचें कारण नाहीं.