कोपानचा दगडी जिना

होंडुरास देशाच्या पश्चिम सरहद्दीजवळ, कोपान नदीच्या काठी, माया लोकांच्या एका जुन्या राजधानीत एक दगडी जिना आहे. रुंदी सुमारे 10 मीटर, पायऱ्या साठाच्या वर, आणि प्रत्येक पायरीच्या दर्शनी अंगावर कोरलेली चित्राक्षरे. ती मोजली तर 2,000च्या पुढे जातात. कोलंबसापूर्वीच्या अमेरिकेतला ह्याहून लांब शिलालेख अजून सापडलेला नाही. ज्या घराण्याने तो पुरा केला त्याचा दरारा तोपर्यंत ओसरला होता, आणि मला ह्या जिन्याचे वेड लागले ते नेमके त्यामुळेच.

मी पेशाने गाणे शिकवणारा माणूस. होंडुरासला गेलेलो नाही, जाण्याची ऐपतही नाही. कोपानची ओळख झाली ती एका पुस्तकातल्या छायाचित्रातून. एका मंदिराच्या मागच्या पायऱ्यांवर प्रचंड दगडी शंख बसवलेले, आणि वरच्या अंगाला दोन्हीकडे गुडघ्यावर टेकलेल्या दोन उग्र आकृती, हातात खुळखुळे घेतलेल्या. आपल्याकडे पाळण्यातल्या पोराचे खेळणे झालेले हे वाद्य तिथे देवांच्या हाती आहे, हे पाहून मी चमकलो. पुढे वाचले की हे शंख म्हणजे पाण्याच्या पृष्ठभागाची खूण. त्या पायऱ्यांसमोरचा चौक म्हणजे पाताळलोक अशी कल्पना आहे. मग त्या राजांच्या मागे लागलो तो लागलोच.

कोपानच्या गादीचा मूळपुरुष किनिच याश कुक मो. लेखांवरून दिसते की 426 साली त्याने कुठे दूरदेशी राजचिन्हे स्वीकारली आणि 427 साली तो कोपानास येऊन पोचला. म्हणजे तो तिथला नव्हे. राजवाड्याखाली बोगदे खणून संशोधकांनी जी कबर काढली ती त्याचीच असावी असे मानतात. त्या सांगाड्याच्या दातांतील द्रव्ये सांगतात की ह्या माणसाचे बालपण कोपानच्या खोऱ्यात गेले नाही. उजवा हात कधीकाळी मोडून वेडावाकडा जुळलेला आहे, जणू वार अडवताना मोडला असावा. पुढच्या राजांनी त्याच्या डोळ्यांभोवती मोठी वर्तुळे कोरली. मेक्सिकोच्या पठारावरच्या तेओतिवाकान ह्या महानगराच्या देवाची ही खूण. बाहेरून आलेल्या घराण्याला आपल्या बाहेरच्या थोर नात्याचा डांगोरा पिटावा लागतो. बडोद्याच्या वाचकाला हे फारसे समजावून सांगायला नको.

त्याच सुमारास ह्याच पुरुषाच्या देखरेखीखाली आणखी एक गादी स्थापन झाली, सुमारे 50 किलोमीटरवरच्या किरिग्वा येथे. आज ते गाव ग्वाटेमालात आहे. पुढची 300 वर्षे किरिग्वा हे कोपानचे मांडलिक म्हणून नांदले.

आता हे किरिग्वा कोपानला का हवे होते, ते पाहू. किरिग्वा मोताग्वा नदीच्या खोऱ्यात आहे. माया लोकांजवळ ओझ्याचे जनावर नव्हते. ना बैल, ना घोडा. माल एकतर माणसाच्या पाठीवरून, कपाळाला पट्टा लावून जाई, नाहीतर होडीतून. अशा मुलखात नदी म्हणजे राजरस्ता. मोताग्वा डोंगरांतून निघून कॅरिबियन समुद्राला मिळते, आणि माया राजे ज्या हिरव्या जेडसाठी जीव टाकीत, त्याची खाण ह्याच खोऱ्यात. माया राजाच्या गळ्यात, कानात, कमरेला जेड. मेल्यावर तोंडातही जेडचा मणी. त्यांच्या लेखी ते मक्याच्या कोवळ्या पानाचा आणि पाण्याचा रंग होते, श्वास होते. दुसरी वस्तू ज्वालामुखीच्या काचेची. लोखंड-पोलाद नसलेल्या त्या जगात ह्या काळ्या काचेची पाती म्हणजे सुरी, वस्तरा आणि देवापुढे आपले रक्त काढण्याची सुई. तिची इश्तेपेके येथील खाण कोपानपासून फार दूर नव्हती, आणि तिथला माल उत्तरेकडे पोचवण्यात कोपानचा मोठा वाटा होता. शिवाय कोको, पिसे, शिंपले. कोकोच्या बिया प्यायच्याही आणि चलनासारख्या वापरायच्याही.

पण राजाची सत्ता केवळ मालावर उभी नव्हती. माया लोक 7,200 दिवसांचा, म्हणजे वीस वर्षांना थोडा कमी, असा एक काळखंड मोजीत. तो पुरा झाला की राजाने शिलास्तंभ उभारायचा, धूप जाळायचा, आपले रक्त वाहायचे. काळ आपोआप पुढे सरकत नाही, राजाने त्याला पुढे न्यावे लागते, अशी श्रद्धा. गाणाऱ्याला ही गोष्ट लवकर कळते. आवर्तन पुरे होते ते समेवर कोणीतरी येतो म्हणून. कोणी आलेच नाही तर ठेका चालू असूनही मैफल लोंबकळत राहते. कोपानचा राजा हा त्या अर्थाने समेचा धनी होता, आणि समेला लागणारे जेड, पिसे, काच आणि धूप नदीवाटेने येत. व्यापार, धर्म आणि राज्य असे तीन वेगळे खाते त्या शहरात नव्हतेच.

695 साली गादीवर आलेला तेरावा राजा वाशाकलाहून उबाह काविल. त्याचे नाव वाचता येत नव्हते तेव्हा विद्वानांनी त्याला ‘अठरा ससा’ म्हटले, आणि ते टोपणनाव अजून चिकटून आहे. कोपानच्या मोठ्या चौकातले जे शिलास्तंभ आज जगभर छापले जातात ते बहुतेक त्याचे. इतर बहुतेक माया नगरांत स्तंभावरची मूर्ती सपाट उठावाची; ह्याच्या कारागिरांनी ती जवळजवळ दगडाबाहेर काढली, एका स्तंभावर राजा मक्याच्या देवाच्या वेषात उभा आहे. 738 च्या जानेवारीत त्याने चेंडूच्या खेळाचे नवे मैदान वाहिले. भिंतींवर मकाव पोपटांची दगडी तोंडे. ते पुरे होऊन चार महिनेही झाले नाहीत तोच त्याचे शीर उडाले.

उडवणारा कोण, तर त्याचाच मांडलिक. 725 च्या सुमारास ह्याच अठरा-सशाने आपल्या देखरेखीखाली किरिग्वाच्या गादीवर काक तिलिव चान योपात ह्याला बसवले होते. 736 साली ह्या मांडलिकाचा संबंध उत्तरेकडच्या बलाढ्य कलकमुलच्या राजाशी आल्याचा उल्लेख किरिग्वाच्या एका स्तंभावर आहे. कोपानचे नाते कलकमुलच्या पिढीजात शत्रूशी, तिकालशी. तेव्हा दूर बसलेल्या कलकमुलने मोताग्वाची वाट कोपानच्या हातून सोडवण्यासाठी ह्याला फूस लावली असावी, असा तर्क अभ्यासक करतात, आणि मला तो पटतो. किरिग्वाचे लेख सांगतात ते असे: आधी कोपानच्या दोन देवतांच्या मूर्ती जाळल्या गेल्या, आणि त्यानंतर सहा दिवसांनी राजाचा शिरच्छेद झाला. आधी देव आणि मग राजा, हा क्रम मुद्दाम ध्यानात घेण्यासारखा आहे.

किरिग्वा छोटे होते. त्याने कोपान जिंकले नाही, लुटलेही नाही. खोऱ्यातली वस्ती पुढेही वाढतच गेली. पण किरिग्वाचे रूप पालटले. 771 साली काक तिलिवने उभारलेला स्तंभ सुमारे 10.6 मीटर उंचीचा, माया जगतातला सर्वांत उंच. वजन 60 टनांच्या वर. दुसऱ्या एका स्तंभावर त्याने जगाच्या उत्पत्तीची कथाच कोरून घेतली: इसवी सनापूर्वी 3114 साली देवांनी तीन दगड मांडले आणि हे युग सुरू झाले. कालचा मांडलिक आता आपला काळ थेट विश्वारंभापासून मोजू लागला. कारागिरीच्या दृष्टीने मात्र, माझ्या अडाणी डोळ्यांना तरी, किरिग्वाचे स्तंभ उंच असूनही कोपानच्या जवळ येत नाहीत. पैसा आला की मोठा वाडा लगेच होतो, हात तयार व्हायला वेळ लागतो.

आणि कोपान? चौदाव्या राजाने अकरा वर्षे राज्य केले आणि एकही शिलास्तंभ उभारला नाही. त्याच्या काळातली एक इमारत मिळाली आहे. तिच्या भिंतींवर विणलेल्या चटईची नक्षी आहे. चटई म्हणजे त्यांच्याकडे गादी, सत्ता. काही संशोधक तिला सरदारांच्या सल्लामसलतीचे घर मानतात. तसे असेल तर राजाला आता एकट्याने हुकूम सोडून भागत नव्हते.

मग 749 साली पंधरावा राजा आला, आणि त्याने जिना हाती घेतला. जिन्याचा पहिला भाग अठरा-सशाने 710 साली आजोबा म्हणावा अशा दीर्घायुषी पूर्वराजाच्या कबरीवर बांधला होता. पंधराव्याने तो वाढवून 757 च्या सुमारास पुरा केला. मूळपुरुषापासून एकेका राजाचे राज्यारोहण आणि मृत्यू त्यात आला आहे; मध्यरेषेवर पूर्वज सशस्त्र, योद्ध्याच्या वेषात बसवले आहेत. अठरा-सशाचा मृत्यू लपवलेला नाही, पण शब्द किती सांभाळून योजले आहेत पाहा. किरिग्वा म्हणते, त्याचे डोके उडवले. कोपान म्हणते, युद्धात त्याचा श्वास संपला. वरच्या मंदिरात तर कमाल आहे: तिथला लेख दोन लिप्यांत शेजारी शेजारी कोरला आहे, एक माया लिपी आणि दुसरी तेओतिवाकानच्या थाटाची. ती दुसरी खरी लिपी नाहीच, केवळ थोरवीची आरास आहे. तेओतिवाकानचे वैभव तेव्हा लयाला जाऊन दीडशे-दोनशे वर्षे झाली होती.

इथे मला वडील आठवतात. तरुणपणी ते आपल्या बडोद्याच्या कलावंत कारखान्यात चाकरीला होते. 1949 साली संस्थान विलीन झाले. माझा जन्म त्यांच्या उतारवयातला, त्यानंतर तीन दशकांनी. मी वाढलो ते चाकरीत नव्हे, चाकरीच्या आठवणीत. दरवर्षी गुरुपौर्णिमेला वडील आमच्या गुरुपरंपरेची नावे सांगत. थोरला भाऊ म्हणे, की दरबार होता तेव्हा ही यादी पाच नावांत संपत असे. माझ्या वेळेपर्यंत ती अकरावर गेली होती. वाढलेली नावे खोटी नव्हती. पूर्वी ती सांगण्याची गरज पडत नव्हती, एवढेच. दारावर शिपाई होता तोवर कोणी विचारीत नव्हते, तुम्ही कोण. कोपानचा जिना वाचताना मला त्या अकरा नावांचा स्वर ऐकू येतो.

ह्या जिन्याची पुढची कथाही ऐकण्याजोगी आहे. काळाच्या ओघात वरचा भाग ढासळला. मूळ जागी राहिल्या त्या खालच्या सुमारे 15 पायऱ्या. 1930 च्या दशकात अमेरिकेच्या कार्नेगी संस्थेने ढिगाऱ्यातले दगड पुन्हा रचले, पण तेव्हा लिपी वाचता येत नव्हती, त्यामुळे त्यांचा क्रम लागला नाही. इतकेच नव्हे, त्या पिढीतले मोठे विद्वान मानीत की माया लेखांत राजांचा इतिहास नाहीच, केवळ ग्रहतारे आणि कालगणना आहे. 1839 साली कोपानला आलेला अमेरिकन प्रवासी स्टीफन्स, ज्याने अवशेषांची ती जागा 50 डॉलरला विकत घेतली, त्याने मात्र तेव्हाच म्हटले होते की ह्या दगडांवर इथल्या माणसांचा इतिहास असणार. 1960 साली तातियाना प्रोस्कुरियाकॉफ ह्या विदुषीने दुसऱ्या एका नगराच्या लेखांवरून तो अंदाज खरा ठरवला, आणि 1962 साली डेव्हिड केली ह्याने किरिग्वाची राजमालिका लावून दाखवली. कवायतीसारख्या तारखांतून एकदम हाडामांसाची माणसे उभी राहिली.

शेवटचा मोठा राजा सोळावा, याश पसाह. तो 763 साली गादीवर आला. शंखांच्या पायऱ्या त्याच्याच मंदिराच्या. 776 साली त्याने एक चौकोनी वेदी घडवून घेतली. चारी बाजूंना चार-चार मिळून 16 राजे बसले आहेत, प्रत्येक जण आपल्या नावाच्या चित्राक्षरावर, आणि पुढच्या बाजूला मूळपुरुष साडेतीनशे वर्षे ओलांडून सोळाव्याच्या हाती राजचिन्ह देतो आहे. वेदीजवळच्या तळघरात 15 जग्वारांची हाडे निघाली, प्रत्येक पूर्वजामागे एक. बाहेर मात्र दिवस बदलत होते. ज्या थाटाची कोरीव लेख असलेली आसने पूर्वी राजवाड्यात शोभत, ती आता सरदार-लेखनिकांच्या घरांतही दिसू लागली. खोऱ्यात 20,000 किंवा त्याहून अधिक माणसे. कबरींतल्या हाडांवर उपासमारीच्या खुणा. 810 साली हाच याश पसाह किरिग्वाला जाऊन तिथल्या राजाबरोबर काळखंड पुरा होण्याचा विधी करून आला, असे किरिग्वाच्या शेवटच्या लेखांत आहे. ज्या वाटेसाठी एक शीर उडाले, ती वाट दोघांच्याही कामाची उरली नव्हती.

कोपानातला शेवटचा राजकीय दगड त्यानंतरचा आहे. त्यावर 822 ची तारीख आहे. उकित तोक नावाच्या माणसाने सोळा राजांच्या वेदीसारखीच वेदी करायला घेतली. एका बाजूला तो आणि याश पसाह समोरासमोर बसलेले आहेत. दुसऱ्या बाजूवर टाकीचे काम सुरू होऊन मध्येच थांबले आहे. उरलेल्या दोन बाजू कोऱ्या आहेत.