जबड्यातून कानात

श्रोतेहो, मी कवितेचा माणूस. शब्द आधी कानाने पारखायचा, ही आमची जुनी खोड. म्हणून आज त्या कानाचीच गोष्ट सांगतो.

आपल्या कानाच्या पडद्यामागे तीन इवलीशी हाडे असतात: हातोडी, ऐरण आणि रिकीब. पडदा थरथरला की ती थरथर हीच हाडे आतल्या कानाकडे पोचवतात. सरडा, सुसर किंवा पक्षी यांच्या कानात असे एकच हाड असते. मग आपल्याकडची जादा दोन आली कुठून?

ती आली जबड्यातून. सरड्याच्या खालच्या जबड्यात अनेक हाडे असतात. त्यांतले मागचे एक हाड कवटीच्या हाडाशी बिजागरीसारखे जोडलेले असते. सस्तन प्राण्यांत हीच दोन हाडे आकसत, सरकत कानात गेली. कार्ल रायशर्ट या जर्मन शरीरशास्त्रज्ञाने १८३७ मध्ये गर्भांचा अभ्यास करून हे नाते दाखवले.

पण एक शंका उरतेच. बिजागरीच काढून घेतली, तर मधल्या पिढ्यांनी खाल्ले कसे?

याचे उत्तर सुमारे २० कोटी वर्षांपूर्वीच्या, डायनोसॉरच्या काळातल्या एका जिवाने दिले. दिसायला चिचुंद्रीसारखा, वीतभरही लांब नाही, किडे-भुंगे खाणारा. वेल्समधल्या ग्लॅमॉर्गन परगण्यात चुनखडीच्या भेगांत त्याचे अवशेष सापडले. वॉल्टर क्यूने यांनी १९४९ मध्ये त्याला नाव दिले मॉर्गनूकोडॉन, म्हणजे ग्लॅमॉर्गनचा दात. पुढे त्याचा जबडा नीट तपासला, तेव्हा दिसले की त्याला दोन्ही सांधे होते! सरड्यासारखा जुना सांधा शाबूत, आणि त्याला लागूनच आपल्यासारखा नवा. चावण्याचा भार नव्याने उचलला, म्हणून जुनी हाडे पुढच्या काळात ऐकण्यासाठी मोकळी झाली.

हा जीव आपला थेट पूर्वज नव्हे, भाऊबंद म्हणा. तो सगळ्याच बाबतींत उंबरठ्यावर होता. २०२० मध्ये शास्त्रज्ञांनी त्याच्या दातांच्या मुळांवरची वलये मोजली, झाडाच्या खोडातली मोजतात तशी. त्यातून कळले की तो १४ वर्षांपर्यंत जगत असे. आजच्या चिचुंद्रीला एवढे आयुष्य नसते. म्हणजे दात सस्तनांचे, पण शरीराची चाल अजून सरपटणाऱ्यांसारखी संथ.

नवा खांब उभा राहीपर्यंत जुना काढायचा नाही, हे आपल्याकडचा कोणताही सुतार सांगेल. निसर्गानेही तेच केले. म्हणून आज घास चावता चावता आपल्याला रेडिओ ऐकता येतो.