पुण्याचा पडदा – ११ : गुरुदत्तची उमेदवारी

प्रभात फिल्म कंपनीतल्या दामल्यांच्या ध्वनिविभागावर आज लिहायचं कबूल केलं होतं, पण तो विषय एक आठवडा पुढे ढकलतो आहे. गेल्या वेळी जाता जाता गुरुदत्तचं नाव आलं आणि एका वाचकबाईंनी विचारलं, "प्रभातमध्ये तो नेमका होता कोण? नट की दिग्दर्शक?" याचं एका वाक्यात उत्तर देऊन मोकळं होणं मला जमणार नाही.

तो नट होता, सहायक दिग्दर्शक होता आणि नाचही बसवायचा, सगळं एकाच पगारात. १९४४ साली पुण्यात आला तेव्हा वय जेमतेम एकोणीस. अल्मोड्याला उदयशंकरांच्या केंद्रात नृत्य शिकला होता. मग कलकत्त्यात लीव्हर ब्रदर्सच्या कारखान्यात टेलिफोन ऑपरेटरची नोकरी धरली, तिथे जीव रमला नाही. आईकडच्या नात्यातले चित्रकार बी. बी. बेनेगल यांनी खटपट केली आणि प्रभातशी तीन वर्षांचा करार झाला.

ही प्रभात व्ही. शांतारामबापूंची नव्हती. ते १९४२ मध्येच बाहेर पडले होते. दामलेही १९४५ मध्ये वारले. पण एरंडवण्यातल्या त्या स्टुडिओची कामाची शिस्त अजून कोल्हापूरचीच होती. तिथे बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत हाताला पडेल ते काम करायचं, वेळ आली की तोंडाला रंग लावून उभं राहायचं. खुद्द शांताराम तसेच घडले. 'सुरेखा हरण'मध्ये १९२१ साली ते पडद्यावर आले, 'सावकारी पाश'मधला तरुण शेतकरीही तेच, आणि दिग्दर्शन मिळालं ते नंतर. त्यामुळे छोटी भूमिका आणि सहायकाची धावपळ एकाच माणसाकडे असण्यात प्रभातमध्ये कुणाला कमीपणा वाटत नसे.

गुरुदत्तच्या वाट्याला आधी 'चाँद'मधला (१९४४) छोटासा कृष्ण आला. १९४५ च्या 'लाखारानी'ला विश्राम बेडेकरांच्या हाताखाली सहायक, आणि त्यातच एक लहान भूमिका. हे बेडेकर म्हणजे 'रणांगण'चे लेखक. पहिल्याच सहायकीला असा माणूस डोक्यावर असणं ही मोठी गोष्ट आहे, आणि तिच्याबद्दल फार कमी बोललं जातं. मग पी. एल. संतोषींचा 'हम एक हैं' (१९४६). तिथे सहायक दिग्दर्शनही त्याचं आणि नृत्यंही त्याचीच. देव आनंदचा हा पहिला चित्रपट. दुर्गाबाई खोटे त्यात वेगवेगळ्या धर्मांच्या मुलांना एका घरात वाढवणाऱ्या आईच्या भूमिकेत होत्या.

धोब्याकडे शर्टांची अदलाबदल झाली आणि देव-गुरुदत्तची मैत्री जमली, ही गोष्ट सगळ्यांना पाठ आहे. पुण्यातली तीन वर्षं त्या एका शर्टात गुंडाळून टाकतात याचं मला मनापासून वाईट वाटतं. त्या मैत्रीतून पुढे 'बाज़ी' (१९५१) मिळाला हे खरंच. पण मिळालेला चित्रपट पेलायची ताकद शर्टातून येत नाही. 'बाज़ी' किंवा 'आर पार'मधलं कुठलंही गाणं पाहा. गाणं सुरू झालं म्हणून कथा थांबत नाही, पात्रं आपलं काम करता करता गातात, आणि कॅमेरा त्यांच्या पावलांबरोबर सरकतो. नाच बसवणारा आणि शॉटची तयारी करणारा माणूस एकच असला की असं सुचतं, हे माझं ठाम मत आहे. ती सवय त्याला 'हम एक हैं'च्या सेटवर लागली.

करार १९४७ मध्ये संपला. नंतर बेकारी आली. माटुंग्याच्या घरी बसून त्याने 'कश्मकश' नावाची कथा लिहिली, तिचाच दहा वर्षांनी 'प्यासा' झाला. पुन्हा सहायकीच: 'गर्ल्स स्कूल'ला अमिय चक्रवर्तींकडे, 'संग्राम'ला ग्यान मुखर्जींकडे. म्हणजे दिग्दर्शनाआधी सात वर्षं उमेदवारी, त्यातली तीन पुण्यातली. 'प्यासा' त्याने ग्यान मुखर्जींच्या स्मृतीला अर्पण केला.

आणि रहमान. 'हम एक हैं'मध्ये तोही होता. गुरुदत्तने त्याला 'प्यासा'त प्रकाशक केलं, 'चौदहवीं का चाँद'मध्ये नवाब आणि 'साहिब बीबी और ग़ुलाम'मध्ये धाकटा जमीनदार. प्रभातच्या दिवसांतला हा सोबती त्याने शेवटपर्यंत सोडला नाही. त्या तीन भूमिका ओळीने पाहण्यासारख्या आहेत.  दामल्यांच्या ध्वनिविभागाकडे पुढच्या आठवड्यात नक्की वळू.