ललिताबाईंचा डावा डोळा

ललिता पवार हे नाव निघालं की दोन गोष्टी हमखास निघतात. एक मंथरा आणि दुसरी ती थप्पड. १९४२ साली ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात भगवानदादांना त्यांच्या गालावर मारायचं होतं. हात नको तितक्या जोरात बसला, चेहऱ्याची डावी बाजू लुळी पडली, बरेच दिवस उपचार चालले आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. बाई तेव्हा २६ वर्षांच्या होत्या. पुढची गोष्ट सगळ्यांना तोंडपाठ आहे: त्या दिवशी नायिका संपली आणि हिंदी सिनेमाला त्याची खाष्ट सासू मिळाली. ऐकणारा हळहळतो आणि विषय तिथेच मिटतो. माझी तक्रार आहे ती याच मिटण्याबद्दल. थपडेमुळे बाईंची वाट वळली हे खरं, पण त्या वाटेवर त्या पुढे पंचेचाळीस वर्षं कशाच्या बळावर चालल्या हे त्या थपडेतून कळत नाही. ते कळायला त्यांचं काम बघावं लागतं.

आधी थपडेच्या अलीकडे काय होतं ते पाहू. येवल्याची अंबा लक्ष्मणराव शगुन ही मुलगी १९२८ साली, बारा वर्षांची असताना, मूकपटात आली. तिथून १४ वर्षांत तिनं मूकपट केले, बोलपट केले, स्टंटपटही केले. मूकपटाकडून बोलपटाकडे जाताना भलेभले कलावंत अडखळले होते, कारण तोवर नुसता चेहरा पुरत होता आणि आता भाषा, आवाज, वेळ साधून बोलणं हे सगळं लागणार होतं. ही परीक्षा ललिताबाई विशीच्या आतच उत्तीर्ण झाल्या. ‘कैलाश’ (१९३२) या मूकपटाच्या निर्मितीत त्यांचा वाटा होता आणि १९३८ साली ‘दुनिया क्या है’ हा बोलपट त्यांनी स्वतः काढला, तोही टॉल्स्टॉयच्या कादंबरीवरून. मास्टर विनायकांच्या ‘अमृत’ या सिनेमातही त्या होत्या. म्हणजे १९४२ साली जखमी झाली ती कुणी नवखी सुंदर पोरगी नव्हती. धंद्याची दोन्ही अंगं, कॅमेऱ्यासमोरची आणि हिशेबाच्या वहीतली, जाणणारी ती मुरलेली नटी होती. अपघातानं तिच्याकडून रूप काढून घेतलं. कसब त्याला घेता आलं नाही.

यावर कुणी म्हणेल, अपघात झाला नसता तर त्या नायिकाच राहिल्या असत्या, या वाटेला कशाला आल्या असत्या? असेल. पण किती वर्षं राहिल्या असत्या, हाही प्रश्न विचारायला हवा. आपल्या सिनेमात नायिकेचं आयुष्य तेव्हाही तोकडं होतं आणि तिशी ओलांडली की पुढे आईची भूमिका वाट बघत असायची. ललिताबाईंना ती जरा लवकर गाठावी लागली, इतकंच. आणि त्यांनी ती रडतखडत गाठली नाही. अपघातानंतर दोन वर्षांनी, १९४४ साली, प्रभातच्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या. मराठी माणसाच्या मनात ‘ध’चा ‘मा’ करणारी म्हणून कायमची रुतलेली ती बाई कुणाची सासू म्हणून पडद्यावर येत नाही, सत्तेच्या डावातली खेळाडू म्हणून येते. मग १९५० साली शांतारामबापूंच्या ‘दहेज’मध्ये सासू आली. १९५२च्या ‘दाग’मध्ये त्या दिलीपकुमारची आई झाल्या. दिलीपकुमार त्यांच्यापेक्षा अवघ्या सहा वर्षांनी लहान. वय ही गोष्ट बाईंनी मेकअपच्या डब्यात ठेवली नव्हती, ती त्यांच्या पाठीच्या कण्यात, पाय टाकण्यात आणि श्वासात होती.

सर्वांत जोरदार आक्षेप त्या डोळ्याबद्दलचा आहे. अर्धं काम तर डोळाच करायचा, असं म्हणतात. तो बारीक झाला की प्रेक्षकाच्या पोटात गोळा यायचा, मग अभिनयाचं कौतुक किती करायचं? हे बोलणं बरोबर असतं तर त्या डोळ्यातून कायम एकच भाव निघायला हवा होता. तसं घडलेलं नाही. ‘श्री ४२०’ (१९५५) मधली केळी विकणारी गंगामाई आठवा. डोळा तोच, आणि त्यात फूटपाथवर राहणाऱ्या माणसाचा भाबडा विश्वास आहे. चार वर्षांनी हृषीकेश मुखर्जींच्या ‘अनाडी’त तोच डोळा मिसेस डिसाचा झाला. ही ख्रिस्ती घरमालकीण राज कपूरच्या भोळ्या भाडेकरूवर सारखी डाफरत असते. तोंड फटकळ आणि आतून पुरती माउली. ती रागावते तेव्हा नीट बघा. भुवई चढते, मान झटक्यानं वळते, शब्द तडातडा तुटून पडतात. हेच सगळं ‘दहेज’च्या सासूकडेही आहे. फरक आहे तो वाक्य संपल्यानंतरच्या क्षणात. सासूची नजर समोरच्याला भोसकून तिथेच रोवलेली राहते. डिसाबाईंची नजर वाक्य संपायच्या आतच खाली घसरते, जणू आपला राग खोटा पडतोय हे तिला स्वतःलाच कळलंय. एवढ्याशा घसरण्यानं त्या मंद झालेल्या पापणीचा सगळा अर्थ पालटतो. पुढे ही बाई बनावट औषधानं मरते आणि सिनेमाचा नूरच बदलतो. तिच्या मरणानं प्रेक्षक हादरतो, कारण तोवर ती घरातली झालेली असते. डोळा अपघातानं मिळाला हे मान्य. त्याला दोन भाषा शिकवल्या त्या बाईंनी.

साचेबंदपणाचा आरोप मात्र सहज झटकता येणार नाही. सुनेला छळणारी सासू त्यांनी इतक्या वेळा केली की ‘ललिता पवार’ हे घराघरात विशेषण झालं. निर्मात्यांना तोच माल हवा होता, आणि नवऱ्याचा व सासऱ्याचा दोष झाकून सगळं पाप सासूच्या पदरात टाकणाऱ्या कथा आपल्या सिनेमानं वर्षानुवर्षं विकल्या. त्या विक्रीला बाईंच्या ताकदीचा हातभार लागला, हे लपवण्यात अर्थ नाही. पण चरित्र अभिनेत्रीचं पोट कशावर चालतं तेही लक्षात घ्यायला हवं. तिच्या नावावर तिकीट खपत नाही, तिच्यासाठी कुणी कथा लिहून घेत नाही. ही बाई नेमून दिलेलं काम चोख करील, या भरवशावर तिला पुन्हा बोलावणं येतं. या भरवशाच्या बदल्यात साचा गळ्यात पडतो. प्रश्न उरतो तो साच्याच्या आत नट काय करतो याचा. १९६१ साली ‘जंगली’त त्या शम्मी कपूरची करारी आई होत्या. पुढच्याच वर्षी ‘प्रोफेसर’मध्ये तीच शिस्तीची, तशीच ताठ मानेची बाई होती. फरक इतकाच की ती म्हाताऱ्या प्रोफेसरचं सोंग घेतलेल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडते. प्रेक्षक हसायला बसलेला असतो आणि हसतोही. पण बाई त्या सीतादेवीला हास्यास्पद होऊ देत नाहीत. आयुष्यभर दाबून ठेवलेली हौस वर येताना एक पोक्त स्त्री कशी लाजते, कशी स्वतःलाच सावरते, हे त्या इतक्या प्रामाणिकपणे करतात की हसू मध्येच अडतं. साचा तोच होता, पण त्यात श्वास घेणारं माणूस होतं. १९६१ सालीच संगीत नाटक अकादमीनं त्यांना पुरस्कार दिला, आणि तो योग्य वेळी दिला असं मला वाटतं.

मग दूरदर्शन आलं. २५ जानेवारी १९८७ला रामानंद सागरांचं ‘रामायण’ सुरू झालं, तेव्हा ललिताबाई सत्तर वर्षांच्या होत्या. पाठीत कुबड घेऊन त्या कैकेयीच्या महालात शिरल्या आणि रविवारची सकाळ त्यांनी ताब्यात घेतली. छोट्या पडद्यावर चेहरा सगळी चौकट भरून टाकतो, मोठ्या हालचालींना तिथे जागा नसते. बाईंनी आवाज चढवण्यापेक्षा उतरवला. विष हळूहळू, आपुलकीच्या सुरात, थांबत थांबत कानात ओतलं. राजाचा निर्णय पालटायला दोन वर पुरे पडले, पण राणीला ते वर आठवून द्यायला मंथरा लागली, हे त्या प्रसंगाचं मर्म त्यांनी ओळखलं होतं. ही अव्वल कामगिरी आहे. तिनं एक नुकसानही केलं. त्यानंतर वाढलेल्या पिढीनं ‘अनाडी’ पाहिला नव्हता, ‘रामशास्त्री’ तर नाहीच नाही. त्यांच्यापुरती साठ वर्षांची कारकीर्द एका कुबड्या दासीत आटोपली.

२४ फेब्रुवारी १९९८ रोजी त्या पुण्यात गेल्या. त्यांना फिल्मफेअर मिळालं ते कुठल्याही सासूसाठी मिळालेलं नाही, ते ‘अनाडी’तल्या मिसेस डिसासाठी आहे. थपडेची गोष्ट पुन्हा कुणाला सांगण्याआधी हा सिनेमा एकदा पाहा.