दिव्यत्व नको, बरोबरीची पकड हवी!

५ सप्टेंबर २०२४ रोजी पॅरिसमध्ये कपिल परमार या भारतीय ज्युदोपटूने ब्राझीलच्या एलिएल्टन डी ऑलिव्हेराला अवघ्या ३३ सेकंदांत १०-० असे चीत केले आणि पॅरालिम्पिकमध्ये ६० किलो वजनगटाच्या जे-१ वर्गाचे कांस्यपदक जिंकले. पॅरालिम्पिकच्या इतिहासात ज्युदोमध्ये भारताला मिळालेले हे पहिलेच पदक. त्याच दिवशी त्याने उपांत्यपूर्व फेरीत व्हेनेझुएलाच्या मार्कोस ब्लँकोला हरवले होते आणि उपांत्य फेरीत इराणच्या बनिताबाकडून तो स्वतः हरला होता. त्या पराभवानंतर पुन्हा मॅटवर उतरून त्याने हे पदक मिळवले.

प्रसारमाध्यमांनी त्याचे कौतुक केले, पण नेहमीच्याच पठडीत. चहाची टपरी चालवणारा पोरगा, नशिबावर मात, अंधारातून प्रकाशाकडे, वगैरे वगैरे. दोन दिवस ही फुले उधळून झाली आणि विषय संपला. दिसत नसलेला माणूस कुस्तीसारख्या अंगाला अंग भिडणाऱ्या खेळात जगाच्या पातळीवर लढतो तो नेमका कसा, हा प्रश्न फारसा कोणी विचारला नाही. आपल्या दृष्टीने खरा विषय तिथेच सुरू होतो.

कपिल मध्य प्रदेशातील सिहोर जिल्ह्याच्या शिवोर गावचा. वडील टॅक्सी चालवत. घरात पाच भावंडे, त्यात हा सर्वांत धाकटा. लहानपणी शेतात खेळताना पाण्याच्या पंपाला हात लागला आणि विजेचा जबर धक्का बसला. भोपाळच्या रुग्णालयात सहा महिने तो बेशुद्ध होता. जीव वाचला, पण नजर हळूहळू जात राहिली. अशा मुलाकडे बघून ‘मागच्या जन्मीचे भोग’ म्हणणारे लोक आपल्याकडे आजही पैशाला पासरी सापडतात. मागच्या जन्माचा इथे काय संबंध? शेतातला पंप याच जन्मातला आहे. गावोगावच्या उघड्या तारा, गावापासून कोसभर लांब असलेला दवाखाना आणि वेळेवर न मिळणारे उपचार हेही याच जन्मातले आहेत. कर्माचा सिद्धांत पुढे केला की या कशाचाच जाब कोणाला विचारावा लागत नाही, हे ओळखले पाहिजे.

भोपाळमध्ये प्रशिक्षकांमुळे त्याची दृष्टिहीनांच्या ज्युदोशी ओळख झाली. पोटासाठी भावाबरोबर चहाची टपरी आणि जोडीला सराव, असे दिवस त्याने काढले. २०१९ मध्ये बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल अजिंक्यपद स्पर्धेत सुवर्ण, ऑक्टोबर २०२३ मध्ये हांगझोच्या आशियाई पॅरा क्रीडा स्पर्धेत रौप्य आणि त्यानंतर पॅरिसचे कांस्य, अशी ही चढण आहे. जानेवारी २०२५ मध्ये राष्ट्रपतींच्या हस्ते त्याला अर्जुन पुरस्कार देण्यात आला.

आता या खेळाचा नियम पाहू. ज्युदो हा जपानच्या जिगोरो कानो यांनी १८८२ मध्ये सुरू केलेला खेळ. डोळस खेळाडूंच्या सामन्यात दोघे एकमेकांपासून लांब उभे राहतात आणि आधी प्रतिस्पर्ध्याच्या जाकिटावर पकड मिळवण्यासाठी झटापट करतात. ही झटापट डोळ्यांची आहे. दृष्टिहीनांच्या ज्युदोत पंच दोघांना मध्यभागी आणतात, दोघांनाही एकमेकांच्या जाकिटावर पकड घेऊ देतात आणि त्यानंतरच सामना सुरू करतात. पकड सुटली की सामना थांबतो, दोघे पुन्हा मध्यभागी येतात आणि पुन्हा पकड घेतात. बाकी सगळे तेच. पाठीवर जोरात आपटणे, जमिनीवर दाबून धरणे, हात पिळून शरण आणणे यातल्या कशातही सवलत नाही. कोणी हळू आपटत नाही आणि कोणी दया दाखवत नाही.

एका नियमात एवढासा बदल, आणि ज्याला ‘बिचारा’ म्हणून बाजूला बसवले जात होते तो जगातल्या पहिल्या तिघांत जाऊन बसतो! मग अडचण त्याच्या डोळ्यांत होती की आपल्या नियमात?

हा खेळ १९८८ मध्ये सोलच्या पॅरालिम्पिकमध्ये आला आणि महिलांना त्यात प्रवेश मिळायला २००४ चे अथेन्स उजाडावे लागले. पूर्ण अंध आणि अंशतः दृष्टी असलेले खेळाडू वजनगट एक असला की एकमेकांशीच लढत. कागदावर सगळे ‘दृष्टिबाधित’, म्हणून सगळे समान! प्रत्यक्षात थोडेसे दिसणाऱ्याला प्रतिस्पर्ध्याच्या हालचालीचा अंदाज येई, पूर्ण अंधाला येत नसे. २०२२ पासून जे-१ म्हणजे पूर्ण अंध किंवा अत्यल्प दृष्टी असलेले आणि जे-२ म्हणजे अंशतः दृष्टी असलेले, असे दोन वर्ग वेगळे झाले. कपिलचे पदक जे-१ मधले आहे. असमानांना एकाच मापाने मोजणे म्हणजे समता नव्हे, हे संविधानाच्या अनुच्छेद १४ चा पहिला धडा गिरवणारा कायद्याचा विद्यार्थीही सांगेल.

यावर एक युक्तिवाद ठरलेला असतो. ब्राझीलचा पूर्ण अंध ज्युदोपटू अंतोनिओ तेनोरिओ याने १९९६ ते २००८ या काळात ओळीने चार पॅरालिम्पिक सुवर्णपदके जिंकली, तीही जुन्याच नियमांखाली. मग नियम बदलायची गरज काय? ही चलाखी आपल्या चांगल्या परिचयाची आहे. एक जण भिंत चढून गेला म्हणून दार कशाला हवे, असे विचारणारे लोक स्वतः नेहमी दारातूनच आत आलेले असतात. तेनोरिओचे मोठेपण निर्विवाद आहे, पण त्याचे नाव घेऊन इतरांची वाट अडवता येणार नाही.

आपल्या देशात कायदा नाही असे नाही. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ च्या कलम १६ नुसार शिक्षणसंस्थांनी अपंग मुलांना भेदभाव न करता प्रवेश द्यायचा आहे आणि खेळाची संधी इतरांच्या बरोबरीने द्यायची आहे. कलम ३० प्रमाणे क्रीडा प्राधिकरणांनी त्यांचा खेळण्याचा हक्क मान्य करून आपल्या योजनांत त्यांच्यासाठी तरतूद करायची आहे. आणि शाळेत प्रत्यक्षात काय होते? पी.टी.चा तास लागला की अंध मुलाला वर्गात बसवतात, इतरांची दप्तरे राखायला! शिक्षकाला वाटते आपण त्याची काळजी घेतली. कायद्याच्या भाषेत हा भेदभाव आहे.

आणि हे खेळापुरतेच आहे असे समजू नका. ज्या मध्य प्रदेशने कपिलच्या पदकाचा अभिमान बाळगला, त्याच राज्याच्या न्यायिक सेवा नियमांत ‘६-अ’ नावाचा एक नियम होता आणि त्याने दृष्टिहीन उमेदवारांना न्यायाधीश होण्याचे दारच बंद केले होते. एका दृष्टिहीन उमेदवाराच्या आईने सरन्यायाधीशांना पत्र लिहिले. त्या पत्राचीच सर्वोच्च न्यायालयाने याचिका करून घेतली आणि ३ मार्च २०२५ रोजी दृष्टिहीनांना वगळणारी ती तरतूद रद्द केली. एका आईच्या एका पत्राने हे घडले, हे आपल्या कार्यकर्त्यांनी नीट लक्षात ठेवावे.

राहता राहिला ‘दिव्यांग’ हा शब्द. २०१५ च्या अखेरीस पंतप्रधानांनी तो पुढे आणला आणि आता तो कायद्याच्या मराठी नावातही बसला आहे. ऐकायला गोड आहे. पण माणसाला देवाच्या जवळ नेऊन बसवायचे आणि त्याच्या हक्काची जागा मात्र रिकामी ठेवायची, ही युक्ती या देशाला नवी नाही. ज्यांना असे गोड नाव मिळाले त्यांना त्या नावाने काय दिले आणि काय हिरावले, हे या वाचकांना वेगळे सांगायला नको. कपिलच्या अंगात कोणतेही दिव्यत्व नाही. घाम आहे, सराव आहे आणि मॅटवर मिळालेली बरोबरीची सुरुवात आहे.

पॅरिसच्या कांस्यपदकासाठी केंद्र सरकारने ३० लाख रुपये दिले, त्याचे स्वागतच आहे. पण पैसा पदकानंतर आला. पदकाआधी टपरी होती. ज्या मुलांना पदक मिळणार नाही त्यांचे काय? खेळण्याचा हक्क फक्त जिंकणाऱ्याचा नसतो.

म्हणून आपल्या तालुक्यातल्या शाळेत जाऊन एवढेच विचारा: इथे किती दृष्टिहीन मुले शिकतात आणि पी.टी.च्या तासाला ती कुठे असतात? उत्तर लेखी मागा. मिळाले नाही, किंवा मिळालेले उत्तर कायद्याला धरून नसेल, तर याच कायद्याखाली नेमलेल्या राज्य आयुक्तांकडे तक्रार करा. तक्रारीत दयेची भाषा नको, कलमांचे क्रमांक लिहा.